‘<’ आणि ‘>’ ही चिन्हं कुठून आली? थॉमस हॅरियटची गोष्ट

फोनचा कीबोर्ड उघडा, आकड्यांच्या पानावर जा आणि तिथून पुढच्या चिन्हांच्या पानावर. तिथे एका कोपऱ्यात < आणि > ही दोन चिन्हं सापडतील. आपण ती फारतर ‘चहा > कॉफी’ असं काहीतरी मित्राला पाठवायला वापरतो. पण तुम्ही आत्ता जे पान वाचताय, ते याच दोन चिन्हांवर उभं आहे. एचटीएमएलमधला प्रत्येक टॅग < ने सुरू होतो आणि > ने संपतो. बॅटरी २० टक्क्यांच्या खाली गेली की फोन जी सूचना देतो, त्यामागच्या कोडमध्येही यातलं एखादं चिन्ह असतंच.

ही चिन्हं पहिल्यांदा छापली गेली ती १६३१ साली, लंडनमध्ये. ज्याच्या नावावर ती आहेत तो थॉमस हॅरियट तेव्हा हयात नव्हता. त्याला जाऊन दहा वर्षं झाली होती. आयुष्यभरात त्याने गणितावरचं एकही पुस्तक छापलं नव्हतं.

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे, दिवसातून कितीतरी वेळा ही चिन्हं टाइप करतो. त्यामुळे हा माणूस कोण होता आणि त्याने गप्प का राहायचं ठरवलं, हे मला जाणून घ्यायचं होतं. या लेखात त्याचं आयुष्य बघू. मध्ये थोडं थांबून त्याच्या चिन्हांनी संयुक्त असमानता कशी सोडवायची तेही बघू. दहावीचं गणित पुरेसं आहे, घाबरू नका.

ऑक्सफर्डचा साध्या घरातला मुलगा

हॅरियटचा जन्म साधारण १५६० चा, इंग्लंडमधल्या ऑक्सफर्ड शहरातला किंवा त्याच्या आसपासचा. १५७७ साली ऑक्सफर्ड विद्यापीठाच्या सेंट मेरी हॉलमध्ये त्याचं नाव दाखल झालं. त्या नोंदीत त्याचे वडील सामान्य वर्गातले असल्याचं लिहिलं आहे. म्हणजे जमीनदारी नाही, घराणं नाही. १५८० मध्ये तो पदवीधर झाला.

पुढे काय? त्या काळात गणित शिकलेल्या गरीब मुलाला एकच रस्ता होता, तो म्हणजे एखाद्या श्रीमंत माणसाच्या पदरी राहणं. हॅरियटला भेटला वॉल्टर रॅले. राणी पहिल्या एलिझाबेथच्या मर्जीतला, देखणा, महत्त्वाकांक्षी दरबारी. रॅलेला अमेरिकेत इंग्रजांची वसाहत उभी करायची होती. त्यासाठी जहाजं समुद्रापार न्यायची होती आणि जहाजांच्या कप्तानांना आपण नेमके कुठे आहोत हे कळायला हवं होतं.

तेव्हा जीपीएस नव्हतं हे सांगायची गरज नाही. भर समुद्रात जागा शोधायची तर सूर्य किंवा ध्रुवतारा क्षितिजापासून किती वर आहे ते मोजायचं आणि पुढचं गणित करायचं. बऱ्याच कप्तानांना ते गणित नीट येत नसे. रॅलेने लंडनमधल्या आपल्या घरी हॅरियटला ठेवून घेतलं आणि खलाशांना शिकवायचं काम दिलं. आजच्या भाषेत सांगायचं तर हा त्याचा पहिला जॉब.

परक्या भाषेसाठी नवी लिपी

१५८४ मध्ये रॅलेची पाहणी करणारी जहाजं अमेरिकेहून परत आली. त्यांच्याबरोबर तिथले दोन स्थानिक तरुण होते, मँटेओ आणि वँचेसे. हॅरियट त्यांच्याबरोबर बसून त्यांची अल्गाँक्वियन भाषा शिकला. रोमन अक्षरांत ते उच्चार धड लिहिता येईनात, म्हणून त्याने स्वतःची लिपी बनवली. त्या लिपीत एका ध्वनीला एक खूण होती. देवनागरी लिहिणाऱ्या आपल्याला यात फारसं नवल वाटणार नाही, पण इंग्रजी स्पेलिंगमध्ये वाढलेल्या माणसासाठी ही मोठी उडी होती.

मला या माणसाची खरी सवय इथे पहिल्यांदा दिसते. एखादी गोष्ट लिहिताच येत नसेल तर तो तिच्यासाठी खूण तयार करतो. पुढे गणितातही त्याने तेच केलं.

१५८५ च्या वसंतात तो स्वतः जहाजात चढला. आजच्या अमेरिकेतल्या नॉर्थ कॅरोलायना राज्याच्या किनाऱ्याजवळ रोअनोक नावाचं बेट आहे, तिथे इंग्रजांनी तळ टाकला. हॅरियटने तिथली पिकं, झाडं, मासे, माणसं, त्यांच्या चालीरीती यांच्या नोंदी केल्या. जॉन व्हाइट नावाचा चित्रकार चित्रं काढत होता.

पण ही काही सहल नव्हती. अन्न कमी पडलं, स्थानिकांशी खटके उडाले. इंग्रज एखाद्या गावाला भेट देऊन गेले की मागे तिथली माणसं कसल्यातरी रोगाने मरायची. इंग्रज सैनिकांनी तिथल्या प्रमुखाला ठार केलं. जून १५८६ मध्ये फ्रान्सिस ड्रेकचा काफिला तिथे आला आणि सगळे इंग्रज त्यातून घाईघाईने परत निघाले. वादळ होतं, होड्यांवर ओझं जास्त झालं होतं. खलाशांनी सामान समुद्रात फेकलं आणि त्यात नकाशे, पुस्तकं, लिहिलेले कागदही गेले. वर्षभराचा डेटा, आणि बॅकअप नाही.

जे वाचलं त्यावरून हॅरियटने १५८८ मध्ये एक छोटं पुस्तक काढलं, व्हर्जिनियाच्या नव्या प्रदेशाचा अहवाल. लोकांनी वसाहतीत पैसे घालावेत, तिथे जावं, हा त्याचा उद्देश होता, त्यामुळे त्यात जमिनीची भरपूर स्तुती आहे. तरीही आपल्यातले काही जण विनाकारण क्रूरपणे वागले, हे त्याने त्यात लिहून ठेवलं. दोन वर्षांनी हेच पुस्तक चित्रांसह चार भाषांत निघालं. हॅरियटने हयातीत छापलेलं हे एकमेव पुस्तक.

एकामागून एक शोध, सगळे कपाटात

इथून पुढची तीस वर्षं त्याने जे काम केलं त्याची यादी वाचली की डोकं गरगरतं.

रॅलेने त्याला विचारलं, जहाजावर तोफगोळ्यांचा ढीग रचलेला असतो, तर तो बघून किती गोळे आहेत ते कसं सांगायचं? हॅरियटने त्याचे तक्ते बनवून दिले आणि मग पुढचा प्रश्न स्वतःच धरला. गोळे कमीत कमी जागेत कसे बसवायचे? हा विषय नंतर जर्मन खगोलशास्त्रज्ञ योहान्स केप्लरपर्यंत गेला. केप्लरने १६११ मध्ये आपला अंदाज छापला, म्हणून तो आज केप्लरच्या नावाने ओळखला जातो. फळवाला संत्री जशी रचतो तीच रचना सगळ्यात दाट, असा तो अंदाज. त्याची सिद्धता थॉमस हेल्स या गणितज्ञाने १९९८ मध्ये दिली आणि कॉम्प्युटरने तिची ओळन्‌ओळ तपासून होईपर्यंत २०१४ उजाडलं.

प्रकाश पाण्यात किंवा काचेत शिरताना किती वाकतो, याचा नियम हॅरियटने १६०२ पर्यंत शोधला होता. शाळेत आपण तो स्नेलचा नियम म्हणून शिकतो. स्नेलने तो १६२१ च्या सुमारास शोधला. (त्याआधी दहाव्या शतकात बगदादच्या इब्न सहलने तो मांडला होता, पण हे युरोपात कुणाला ठाऊक नव्हतं.)

२६ जुलै १६०९, इंग्लंडच्या तेव्हाच्या कॅलेंडरप्रमाणे. हॅरियटने सहा पट मोठं दाखवणाऱ्या दुर्बिणीतून चंद्र बघितला आणि त्याचं चित्र काढलं. गॅलिलिओने दुर्बिणीतून चंद्राची चित्रं काढली ती त्यानंतर काही महिन्यांनी. १६१० च्या डिसेंबरपासून हॅरियटने सूर्यावरचे डाग टिपायला सुरुवात केली आणि दोन वर्षं टिपत राहिला.

त्याच्या कागदांत आणखी एक गोष्ट आहे, जी बघून कुठल्याही प्रोग्रामरला गंमत वाटेल. फक्त ० आणि १ वापरून लिहिलेले आकडे, त्यांच्या बेरजा, गुणाकार. म्हणजे बायनरी. लायबनिट्सने बायनरीवरचा आपला प्रसिद्ध निबंध छापला १७०३ मध्ये, शंभर वर्षांनी.

आता प्रश्न असा की यातलं काहीच त्याने छापलं का नाही?

गप्प राहण्याची कारणं

याचं एक कारण स्वभाव असावं. त्याला प्रत्येक गोष्ट आणखी थोडी नीट करायची असायची. पैशाची घाईही नव्हती, कारण १५९० च्या दशकात नॉर्थंबरलंडचा उमराव हेन्री पर्सी याने त्याला मानधन सुरू केलं होतं आणि थेम्स नदीकाठच्या आपल्या सायन हाउसमध्ये राहायला जागा दिली होती. (मुंबईच्या सायनशी याचा काही संबंध नाही.) काम कुणाला दाखवून पगार मिळवायचा नव्हता.

पण दुसरं कारण जास्त गंभीर होतं. तो काळ जिवाची भीती घालणारा होता. १५९२ मध्ये एक पत्रक निघालं. त्यात रॅलेच्या घरी नास्तिकपणाची शाळा चालते आणि एक जादूटोणा करणारा मास्तर तिथे शिकवतो, असा आरोप होता. रोख कुणाकडे होता ते सगळ्यांना कळलं. नास्तिक ठरणं तेव्हा नुसतं बदनामीचं नव्हतं, त्यात तुरुंग होता, फाशीही होऊ शकत होती.

१६०३ मध्ये राणी एलिझाबेथ गेली आणि पहिला जेम्स राजा झाला. त्याचा रॅलेवर विश्वास नव्हता. राजद्रोहाचा खटला झाला आणि मुख्य न्यायाधीशाने भर कोर्टात हॅरियटच्या विचारांवरही तोंडसुख घेतलं. रॅलेला मृत्युदंड सुनावला गेला, पण अंमल न करता त्याला लंडनच्या टॉवरमध्ये डांबलं.

दोन वर्षांनी दुसरा आश्रयदाताही गेला. ५ नोव्हेंबर १६०५ ला संसद दारूगोळ्याने उडवायचा कट उघडकीला आला. कटवाल्यांपैकी थॉमस पर्सी हा नॉर्थंबरलंडच्या उमरावाचा नातेवाईक, आणि आदल्याच दिवशी तो सायन हाउसमध्ये जेवून गेला होता. उमरावाला टॉवरमध्ये टाकलं, तो बाहेर आला १६२१ मध्ये. हॅरियटलाही पकडलं. राजाची कुंडली मांडून त्याच्या मरणाचा अंदाज बांधला का, अशी चौकशी झाली. त्याने तुरुंगातून विनंतीपत्र लिहिलं, आपण आजारी आहोत, अभ्यासाशिवाय आपल्याला कशात रस नाही. काही आठवड्यांत तो सुटला.

विचार करा, गणित येतं म्हणून संशय! आकड्यांच्या खुणांनी भरलेले कागद चौकशी करणाऱ्याला मंत्रतंत्रच वाटणार.

१६०६ पासून केप्लर त्याला पत्रं लिहायला लागला. प्रकाशाबद्दल, इंद्रधनुष्याबद्दल विचारत होता. हॅरियटने मोजमापांचे आकडे पाठवले, पण नियम सांगितला नाही. १६०८ च्या पत्रात त्याने आपल्याकडची परिस्थिती कळवली. इथे मोकळेपणाने विचार मांडता येत नाही, आम्ही चिखलात रुतून बसलो आहोत, अशा अर्थाचं ते आहे. मला वाटतं, त्याच्या गप्प राहण्याचं यापेक्षा सरळ उत्तर शोधायची गरज नाही.

२९ ऑक्टोबर १६१८ ला रॅलेचा शिरच्छेद झाला. त्याच्या शेवटच्या भाषणाच्या हॅरियटच्या हातच्या नोंदी नंतर कागदांत सापडल्या. तोवर हॅरियट स्वतः आजारी होता. नाकात कॅन्सरची गाठ झाली होती. अमेरिकेत त्याने तंबाखू ओढायला शिकून घेतलं होतं आणि आपल्या अहवालात तंबाखूचे गुणही गायले होते. २ जुलै १६२१ ला लंडनमध्ये त्याचं निधन झालं. जिथे त्याला पुरलं ते चर्च पुढे पाडलं गेलं, आज त्या जागी बँक ऑफ इंग्लंड आहे.

दहा वर्षांनी छापलेलं पुस्तक

मरणाच्या तीन दिवस आधी त्याने मृत्युपत्र केलं. त्यात गणिताचे कागद नीट लावून उपयोगी तेवढे छापावेत अशी इच्छा होती. नॅथॅनिएल टॉर्पोर्ली या मित्रावर ते काम सोपवलं होतं, पण त्याच्याकडून ते पुस्तकापर्यंत गेलं नाही. शेवटी वॉल्टर वॉर्नर या दुसऱ्या मित्राने १६३१ मध्ये बीजगणिताचं लॅटिन पुस्तक काढलं, ‘आर्टिस ॲनॅलिटिके प्रॅक्सिस’.

सुरुवातीलाच त्यात तुलनेची तीन चिन्हं दिली आहेत. एक बरोबरचं, =. हे रॉबर्ट रेकॉर्ड या वेल्श गणितज्ञाने १५५७ मध्येच आणलं होतं. बाकीची दोन नवी, ‘पेक्षा मोठं’ साठी > आणि ‘पेक्षा लहान’ साठी <. हॅरियटच्या हस्तलिखितातल्या खुणा छापील खुणांसारख्या हुबेहूब नव्हत्या, छापताना त्या सोप्या झाल्या.

खूण किती हुशार आहे बघा. उघडं तोंड मोठ्या बाजूला, टोक लहान बाजूला. = मधल्या रेषांमध्ये दोन्हीकडे सारखं अंतर, तर < मध्ये एका बाजूला शून्य अंतर आणि दुसऱ्या बाजूला जास्त. पाठ करावं लागत नाही, बघूनच कळतं. त्याच वर्षी विल्यम ऑट्रेड याने दुसरी, चौकोनी कंसासारखी चिन्हं छापली होती. काही काळ दोन्ही चालली, पण टिकली हॅरियटची. ‘किंवा बरोबर’ दाखवणारी जास्तीची रेघ फ्रेंच गणितज्ञ पिएर बूगेने १७३४ मध्ये जोडली. आज आपण ≤ आणि ≥ लिहितो ती त्यातूनच आलेली.

मित्रांनी पुस्तक छापलं खरं, पण छाटलंही बरंच. हॅरियट समीकरणांची ऋण उत्तरंसुद्धा धरत होता, ती छापील पुस्तकात गाळली गेली. कदाचित छापणाऱ्यांना ती पटली नसावीत.

या चिन्हांनी काय करता येतं

आता थोडं गणित. समजा मला सांगायचंय, एक संख्या अशी आहे की तिच्यात तीन मिळवले तर येणारं उत्तर पाचपेक्षा मोठं आणि अकरापेक्षा लहान असतं. शब्दांत हे वाचता वाचता दमायला होतं. चिन्हांत, ५ < क्ष + ३ < ११. बस.

दोन अटी एकत्र जोडलेल्या असल्या की तिला संयुक्त असमानता म्हणतात. क्ष चा वर्ग वगैरे नसेल आणि चल एकच असेल तर ती एका चलातली रेषीय संयुक्त असमानता. नाव भारी आहे, काम सोपं. क्ष ला मध्ये एकटा पाडायचा. जे काही कराल ते तिन्ही ठिकाणी करायचं, डावीकडे, मध्ये आणि उजवीकडे. वरच्या उदाहरणात तिन्हीकडून ३ वजा करा:

२ < क्ष < ८

म्हणजे २ आणि ८ च्या मधली कुठलीही संख्या चालेल. समीकरणाला इथे एकच उत्तर मिळालं असतं, असमानतेला उत्तरांचा अख्खा पट्टा मिळतो.

आता खरं उदाहरण. ॲपल सांगतं की आयफोन ० ते ३५ अंश सेल्सिअस तापमानाच्या जागी वापरावा. तुमचा भाऊ अमेरिकेत आहे, तिथे हवामान फॅरनहाइटमध्ये सांगतात. त्याला किती ते किती सांगाल? फॅरनहाइटमधल्या तापमानाला फ म्हणू. सेल्सिअसचं सूत्र वापरून:

० ≤ ५/९ × (फ − ३२) ≤ ३५

तिन्ही भागांना ९/५ ने गुणा:

० ≤ फ − ३२ ≤ ६३

तिन्हीकडे ३२ मिळवा:

३२ ≤ फ ≤ ९५

झालं. ३२ ते ९५ अंश फॅरनहाइट, दोन्ही टोकं धरून.

आता जिथे बहुतेकांचा पाय घसरतो ते ठिकाण:

−३ < ५ − २क्ष ≤ ९

तिन्हीकडून ५ वजा करा:

−८ < −२क्ष ≤ ४

आता −२ ने भागायचं. ऋण संख्येने गुणलं किंवा भागलं की चिन्हांची तोंडं उलटी फिरवायची:

४ > क्ष ≥ −२

वाचायला सोपं जावं म्हणून लहान संख्या डावीकडे घेऊ:

−२ ≤ क्ष < ४

तोंड का फिरतं? २ हा ५ पेक्षा लहान आहे. दोघांना −१ ने गुणलं तर −२ आणि −५ मिळतात आणि आता −२ मोठा आहे. शून्याच्या आरशात डावं-उजवं बदलतं, एवढंच. शंका असेल तर टोकाची किंमत घालून बघा. क्ष = −२ घातलं तर मधला भाग ९ येतो, चालतो. क्ष = ४ घातलं तर −३ येतो, आणि −३ हा −३ पेक्षा मोठा नाही, म्हणून ४ बाहेर.

आतापर्यंतच्या सगळ्या अटी ‘आणि’ ने जोडलेल्या होत्या. दुसरा प्रकार ‘किंवा’ चा:

२क्ष + १ < ७ किंवा ३क्ष − ४ > १४

इथे दोन्ही वेगवेगळ्या सोडवायच्या. पहिलीतून क्ष < ३, दुसरीतून क्ष > ६. उत्तर संख्यारेषेचे दोन तुकडे, ३ च्या डावीकडचा आणि ६ च्या उजवीकडचा. याला ६ < क्ष < ३ असं एका ओळीत लिहू नका. त्याचा अर्थ होतो ६ पेक्षा मोठी आणि ३ पेक्षा लहान, अशी संख्याच नाही. फक्त एक शब्द बदलला आणि भरपूर उत्तरांवरून शून्य उत्तरांवर आलो.

कोडमध्ये हेच लिहिताना

कोडिंग शिकत असाल तर हा भाग नीट वाचा. बॅटरी २० ते ८० टक्क्यांमध्ये आहे का, हे तपासायचं आहे. वहीत आपण लिहितो २० ≤ ब ≤ ८०. पायथनमध्ये हे जवळपास असंच लिहिता येतं आणि अर्थही तोच लागतो.

जावास्क्रिप्ट आणि सी मध्ये मात्र असं लिहिलं तर प्रोग्राम चालतो, पण उत्तर चुकतं. या भाषा डावीकडून एकेक तुलना करतात. ब = ९५ असेल तर आधी २० ≤ ९५ बघतात, उत्तर ‘खरं’. या ‘खरं’ ची किंमत १ धरली जाते. मग १ ≤ ८० बघतात, तेही खरं. म्हणजे ९५ टक्के बॅटरीसुद्धा २० ते ८० मध्ये बसली! खरं तर कुठलाही आकडा घाला, उत्तर ‘खरं’ च येणार, कारण ० आणि १ दोन्ही ८० पेक्षा लहान आहेत. या भाषांमध्ये दोन अटी सुट्या लिहून मध्ये ‘आणि’ चं चिन्ह टाकावं लागतं. एका ओळीत लिहिलेली संयुक्त असमानता मुळात दोन अटींची जोडी आहे, हे डोक्यात पक्कं असलं की हा घोळ होत नाही.

कागद परत सापडले

हॅरियटचे बाकीचे कागद उमरावाच्या घराण्याकडे गेले आणि विस्मरणात गेले. इंग्रज गणितज्ञ जॉन वॉलिस याने १६८५ मध्ये मोठा आवाज उठवला की फ्रेंच देकार्तने हॅरियटचं बीजगणित उचललंय. पण दाखवायला त्या छाटलेल्या पुस्तकापलीकडे फारसं काही नव्हतं. १७८४ मध्ये फ्रान्झ झाव्हर फॉन झाख या खगोलशास्त्रज्ञाला इंग्लंडमधल्या पेटवर्थ हाउसमध्ये हॅरियटचे कागदांचे गठ्ठे सापडले आणि चंद्राची, सूर्यडागांची चित्रं पुन्हा उजेडात आली. हस्तलिखितांची चार हजारांहून जास्त पानं शिल्लक आहेत आणि आता ती ऑनलाइन बघता येतात. चंद्रावरच्या एका विवराला हॅरियटचं नाव आहे. कर्क तारकासमूहातल्या एका ताऱ्याभोवती फिरणाऱ्या ग्रहालाही.

तरी वस्तुस्थिती अशी की प्रकाशाचा नियम स्नेलच्या नावावर आहे, दुर्बिणीतला चंद्र गॅलिलिओच्या, गोळ्यांची रचना केप्लरच्या आणि बायनरी लायबनिट्सच्या. त्यांनी चोरी केली नव्हती, हॅरियटने आपलं काम छापलंच नव्हतं. हॅरियटच्या नावावर जगभर टिकली ती नेमकी छापून आलेली गोष्ट, दोन छोटी चिन्हं.

आमच्या क्षेत्रात या गोष्टीवरून सल्ला काढणं सोपं आहे, काम अर्धवट असलं तरी लोकांसमोर ठेवा, वगैरे. सल्ला चांगला आहे. पण हॅरियटला तो देताना मी कचरतो. ज्याचा एक आश्रयदाता शिरच्छेद होऊन गेला आणि दुसरा सोळा वर्षं कैदेत होता, त्याच्यासाठी गप्प राहणं हा जगण्याचा मार्ग होता. आपल्याला मात्र ती सबब नाही. वहीतलं गणित, अर्धा झालेला प्रोजेक्ट, गावच्या बोलीतल्या शब्दांची यादी, काहीही असो, फोनवरून दोन मिनिटांत जगासमोर ठेवता येतं, आणि वाईटात वाईट म्हणजे कुणीतरी चूक दाखवेल.

जाता जाता दोन गणितं. वही घ्या आणि सोडवा:

१) ७ ≤ ३क्ष − २ < १९
२) −१ < ३ − क्ष < ५

पहिल्याचं उत्तर ३ ≤ क्ष < ७. दुसऱ्याचं −२ < क्ष < ४. दुसऱ्यात तोंड फिरवलंत ना, तेवढं तपासा.